ग्रीक मुलींच्या नावांचा अर्थ नीट कसा काढायचा

कॅथरिन म्हणजे ‘शुद्ध’, असं नावांच्या जवळजवळ प्रत्येक यादीत छापलेलं असतं. ग्रीक स्पेलिंग समोर ठेवलं की त्यातली गडबड लगेच दिसते. ‘शुद्ध’साठी ग्रीक शब्द आहे कथारोस, आणि तो थीटा या अक्षराने लिहितात. कॅथरिनचं जुनं ग्रीक रूप मात्र आयकातेरीने असं आहे. त्यात थीटा कुठेच नाही, साधा टाऊ, म्हणजे ‘त’चं अक्षर, आहे. म्हणजे हा ‘थ’ मागाहून आला. अलेक्झांड्रियाच्या संत कॅथरिनचं नाव लॅटिनमध्ये गेलं, तिथे ते कथारोससारखं ऐकू आलं, आणि पुढे स्पेलिंगच त्या अर्थाला जुळवून घेतलं गेलं. मूळ आयकातेरीने कुठून आलं यावर अभ्यासकांचं एकमत नाही. कोणी हेकाते या देवीकडे बोट दाखवतात, कोणी ‘दोहोंपैकी प्रत्येक’ अशा अर्थाच्या हेकातेरोस या शब्दाकडे. रशियन येकातेरिना आणि रुमानियन एकातेरिना या रूपांनी तो सुरुवातीचा स्वर अजून जपलाय. ग्रीसमध्ये रोजच्या बोलण्यात कातेरिना म्हणतात, आणि ते आजही टाऊनेच लिहितात.

मग ‘शुद्ध’ हा अर्थ खोटा का? तसंही नाही. कित्येक शतकं लोकांनी हे नाव याच अर्थाने ठेवलं आहे. फक्त ती व्युत्पत्ती नव्हे, नावाला नंतर चिकटलेला अर्थ आहे. म्हणून कोणत्याही नावाला तीन प्रश्न वेगवेगळे विचारायचे: मूळ शब्दाचा अर्थ काय, तो शब्द माणसाचं नाव कसा झाला, आणि ते नाव कुठल्या भाषांमधून फिरत आजच्या रूपाला आलं. याद्या तिन्हींचं उत्तर एकाच शब्दात देऊन मोकळ्या होतात. घोळ तिथेच होतो.

पहिली पायरी: नाव ग्रीक आहे का

‘ग्रीक नाव’ याचे दोन अर्थ होतात. ग्रीसमध्ये ठेवलं जाणारं नाव आणि ग्रीक शब्दापासून बनलेलं नाव. मारिया, आन्ना, इओआन्ना ही नावं ग्रीसमध्ये घरोघरी सापडतात, पण त्यांचं मूळ हिब्रू. उलट स्टेफनी, फिलिपा, अँजेला ही नावं ऐकताना युरोपातल्या भलत्याच भाषेतली वाटतात, पण मुळात ग्रीक आहेत. स्टेफनीत स्तेफानोस आहे, म्हणजे डोक्यावर घालायची माळ किंवा मुकुट. अँजेलात आंगेलोस, म्हणजे निरोप्या. देवदूत हा अर्थ त्यातून पुढे आला.

रोमन देवतांची नावं ग्रीक समजण्याची चूक तर फारच होते. डायना, ऑरोरा, फ्लोरा, मिनर्व्हा ही सगळी लॅटिन. ग्रीक कथांमध्ये डायनाच्या जागी आर्तेमिस असते, ऑरोराच्या जागी एओस.

काही नावांवर ग्रीक शिक्का उगाच बसलेला असतो. व्हनेसा म्हणजे ‘ग्रीकमध्ये फुलपाखरू’ असं बिनदिक्कत सांगितलं जातं. प्रत्यक्षात हे नाव जोनाथन स्विफ्टने घडवलं: एस्थर व्हॅनोम्री या आपल्या मैत्रिणीच्या आडनावातला ‘व्हॅन’ आणि एस्थरमधला ‘एस’ जोडून. ज्या कवितेत ते आलं ती 1726 मध्ये छापली गेली. फुलपाखरांच्या एका प्रजातिगटाला व्हनेसा हे नाव फाब्रिशियस या कीटकतज्ज्ञाने 1807 मध्ये दिलं. म्हणजे आधी बाई, मग फुलपाखरू. ग्रीकचा यात काही संबंध नाही. पामेला हे नावही असंच एका लेखकाच्या, फिलिप सिडनीच्या, डोक्यातून सोळाव्या शतकाच्या अखेरीस निघालं. ‘पान’ आणि ‘मेली’ जोडून ‘सगळा मध’ असा त्याचा जो अर्थ सांगतात तो अंदाज आहे. मोनिका हे नाव ‘मोनोस’ म्हणजे ‘एकटा’ यापासून आलं असंही सांगतात. पण या नावाची सर्वांत प्रसिद्ध स्त्री म्हणजे संत ऑगस्टिनची आई, उत्तर आफ्रिकेतली. नावही तिथल्याच एखाद्या भाषेतलं असण्याची शक्यता जास्त.

मधलेही प्रकार असतात. इसिडोरा म्हणजे ‘इसिसची देणगी’: बांधणी ग्रीक, देवी इजिप्तची. मार्गारेटच्या मुळाशी मार्गारीतेस म्हणजे मोती हा ग्रीक शब्द आहे, पण तो ग्रीकमध्येही पाहुणाच, इराणी भाषांकडून आलेला. फारसीत मोत्याला मरवारीद म्हणतात, त्यातलं साम्य सहज ऐकू येतं. अशा नावांपुढे ‘ग्रीक’ एवढंच लिहू नका, ‘ग्रीकमधून आलेलं’ असं लिहा.

आणखी एक गोष्ट इथेच बघून घ्या: नाव पूर्ण आहे की तोडलेलं. सँड्रा हा अलेसांद्राचा तुकडा, रीटा हा मार्गेरीताचा. रीटाला ‘ऋत’शी जोडणं गोड वाटतं, पण तो निव्वळ योगायोग. लेना हे हेलेनाचंही असू शकतं आणि हिब्रू मूळ असलेल्या माग्दालेनाचंही. टीना ही ग्रीक मुळाच्या क्रिस्टिनाची शेपटी असेल किंवा लॅटिन मुळाच्या मार्टिनाची. ही शंका शब्दकोश फेडत नाही. त्या घराण्यात, त्या प्रदेशात कोणत्या पूर्ण नावाचं ते लाडकं रूप होतं, हेच पाहावं लागतं.

दुसरी पायरी: ग्रीक स्पेलिंग मिळवा

इंग्रजी स्पेलिंगवरून थेट अर्थ शोधू नका. विश्वकोशात त्या नावाची, संताची किंवा देवीची नोंद उघडा आणि तीच नोंद ग्रीक भाषेत बघा. शीर्षकात स्पेलिंग मिळतं. इथे एक सापळा आहे. आजचे ग्रीक लोक परदेशी नावंही आपल्या लिपीत लिहितात, त्यामुळे व्हनेसासुद्धा ग्रीक अक्षरांत सापडेल. ग्रीक लिपीत दिसलं म्हणजे ग्रीक झालं, असं नव्हे. खात्री करायची तर ऑक्सफर्डचा ‘लेक्सिकन ऑफ ग्रीक पर्सनल नेम्स’ हा कोश पाहा. त्याचा पहिला खंड 1987 मध्ये निघाला, आणि त्याची नावं आता संगणकावर शोधता येतात. शिलालेख, नाणी, पपायरस, ग्रंथ यांत प्रत्यक्ष सापडलेली प्राचीन नावं त्यात प्रदेश आणि शतकानुसार लावलेली आहेत. एखादं नाव त्यात मिळालं नाही तर लगेच ते खोटं ठरवू नका. ख्रिस्ती काळात किंवा त्यानंतर रुळलेलं असू शकतं.

स्पेलिंग मिळालं की अक्षरं जुळवा. इंग्रजीतला ‘पीएच’ म्हणजे फाय, ‘टीएच’ म्हणजे थीटा, ‘सीएच’ म्हणजे ‘काय’ नावाचं ग्रीक अक्षर, ज्याचा प्राचीन उच्चार ‘ख’. ‘सी’ बहुतेक वेळा मूळचा कॅपा, म्हणजे ‘क’. मधला ‘वाय’ म्हणजे अप्सिलॉन. ‘ओई’ आणि ‘एई’ हे जोडस्वर ग्रीक ‘ओइ’ आणि ‘आइ’ची लॅटिन रूपं. म्हणून फीबीच्या इंग्रजी स्पेलिंगमधला तो विचित्र ‘ओ’ फुकटचा नाही: मूळ नाव फोइबे आहे.

‘ह’ने सुरू होणाऱ्या नावांत नवखे लोक हमखास अडकतात. ग्रीकमध्ये ‘ह’साठी स्वतंत्र अक्षर नाही. जुन्या लेखनात पहिल्या स्वरावर स्वल्पविरामासारखी एक उलटी खूण असते, ती ‘ह’ दाखवते. हेलेने कोशात एप्सिलॉनखाली, हाग्ने अल्फाखाली, हिप्पोस आयोटाखाली सापडेल. ग्रीसने 1982 मध्ये लेखन सोपं केलं, तेव्हा ही खूणही गेली. म्हणून आजच्या लेखनात फक्त एलेनी दिसतं. जुना अर्थ शोधायचा तर जुन्या खुणांसकट दिलेलं स्पेलिंग घ्या. नाहीतर ‘ह’ असलेला आणि नसलेला असे दोन वेगळे शब्द एकच वाटतात.

तिसरी पायरी: समास सोडवा

समास मराठी वाचकाच्या ओळखीचा असतो, त्यामुळे ही पायरी त्याला सोपी जाते. ग्रीक जोडनावं संस्कृत समासांच्याच धाटणीची आहेत, आणि विग्रह करायची सवय इथे थेट कामाला येते.

थेओडोरा: थेओस म्हणजे देव, डोरोन म्हणजे देणगी. देवाची देणगी, साधा तत्पुरुष. आपल्याकडच्या देवदत्तेची सख्खी बहीणच. डोरोथेआ म्हणजे हेच दोन तुकडे उलटे लावलेले. यूजीनिया: ‘एउ’ म्हणजे चांगलं, ‘गेनोस’ म्हणजे कुळ किंवा जन्म. ‘चांगल्या कुळातली’ असा अर्थ; ‘सुजाता’ म्हटलं तरी चालेल, कारण ‘एउ’ आणि ‘सु’, ‘गेन’ आणि ‘जन’ ही एकाच मुळाची रूपं आहेत. युनिस: एउ अधिक नीके, चांगला विजय. युलेलिया: एउ अधिक ‘बोलणं’ या अर्थाचा धातू, म्हणजे सुभाषिणी. अ‍ॅनास्टेशिया: ‘आना’ म्हणजे वर आणि ‘स्तासिस’ म्हणजे उभं राहणं. शब्दशः उत्थान, ख्रिस्ती परंपरेत पुनरुत्थान. आपल्या ‘उत्थाना’तही उद् आणि स्था हेच काम करतात, आणि ग्रीक ‘स्ता’ व संस्कृत ‘स्था’ खरोखरच एकमेकांचे नातलग आहेत.

बहुव्रीहीत मात्र लोक घसरतात. क्लिओपात्रा: क्लेओस म्हणजे कीर्ती, पातेर म्हणजे पिता. ‘कीर्ती आणि पिता’ असं भाषांतर करून चालत नाही. ‘जिचा पिता कीर्तिमान आहे ती’ असा विग्रह करायचा. सॉक्रेटिसच्या बायकोचं नाव क्सान्थिप्पे. क्सान्थोस म्हणजे पिवळसर, हिप्पोस म्हणजे घोडा. बाई पिवळा घोडा नव्हे. ‘जिच्याकडे पिवळे घोडे आहेत अशी’. अथेन्समध्ये घोडा पाळणं श्रीमंतांनाच परवडायचं, त्यामुळे नावात हिप्पोस असणं म्हणजे घराण्याचा तोरा. फिलिपाही याच तबेल्यातली: घोड्यांवर प्रेम करणारी.

पण सगळ्याच जोडनावांना जोडअर्थ असतो असं धरून बसू नका. ग्रीक लोक आजोबांच्या नावातला एक तुकडा आणि आईच्या माहेरचा दुसरा तुकडा जोडून नाव ठेवत, अर्थ जुळो न जुळो. इ. स. पूर्व 423 मध्ये रंगमंचावर आलेल्या ‘मेघ’ या नाटकात अ‍ॅरिस्टोफेनिसने यावरच विनोद केलाय. बायकोला मुलाच्या नावात घोडा हवा असतो, नवऱ्याला काटकसर. शेवटी तडजोड होऊन पोराचं नाव पडतं फेइदिप्पिदेस, म्हणजे काटकसर आणि घोडा दोन्ही. अशा नावात तुकड्यांचे अर्थ वेगवेगळे द्यावेत, ओढूनताणून एक वाक्य करू नये.

अलेक्झांड्राचा विग्रह स्वच्छ आहे: ‘आलेक्सेइन’ म्हणजे परतवून लावणं, संरक्षण करणं, आणि ‘आन्द्र’ म्हणजे पुरुष. पुरुषांचं रक्षण करणारी. हे अलेक्झांडरचं स्त्रीरूप म्हणून सिकंदराच्या नंतर आलं, असं अनेकांना वाटतं. पण ग्रीसमधल्या मायसिनी या प्राचीन शहरातल्या मातीच्या पाट्यांवर, इ. स. पूर्व तेराव्या शतकातल्या लिनिअर बी लिपीत, ‘आ-रे-का-सा-दा-रा’ असं बाईचं नाव सापडलेलं आहे. सिकंदराच्या सुमारे नऊशे वर्षं आधी. तिथल्याच पाट्यांवर ‘ते-ओ-दो-रा’ही आहे, त्यामुळे थेओडोरा हे मूळचं ख्रिस्ती नाव, हाही समज टिकत नाही. ही लिपी मायकेल व्हेंट्रिसने 1952 मध्ये उलगडली. त्याआधीच्या नावांच्या पुस्तकांत ही माहिती मिळणारच नाही.

चौथी पायरी: अर्थ कोणत्या काळातला

शब्द तोच राहतो, अर्थ सरकतो. सोफिया म्हणजे शहाणपण, हे बरोबर. पण होमरच्या इलियडमध्ये हा शब्द एकदाच येतो, पंधराव्या सर्गात, आणि तिथे तो आहे जहाजाचं लाकूड दोरीने सरळ आखणाऱ्या सुताराबद्दल. म्हणजे सुरुवातीला सोफिया हे हाताचं कसब होतं. तत्त्वज्ञांनी त्याला ज्ञानाची उंची दिली आणि ख्रिस्ती धर्माने दैवी प्रज्ञेची. कॉन्स्टँटिनोपलचं हागिया सोफिया, जे 537 मध्ये पूर्ण झालं, ते सोफिया नावाच्या कुणा बाईचं देऊळ नव्हे. ते ‘पवित्र प्रज्ञे’ला वाहिलेलं आहे. संत सोफिया वेगळी. तिच्या तीन मुलींची नावंही तशीच: पिस्तिस, एल्पिस, आगापे, म्हणजे श्रद्धा, आशा, प्रेम. रशियन सोन्या हे सोफियाचंच लाडकं रूप. अरबी सफिया मात्र पूर्ण वेगळा शब्द आहे. दोन्ही एकाच ओळीत टाकू नका.

क्लोईचा अर्थ यादीत ‘बहर’ किंवा ‘फुलणं’ असा देतात. ख्लोए म्हणजे जमिनीतून नुकता वर आलेला हिरवा कोंब. फूल अजून लांब आहे. धान्याची देवी देमेतेर हिलाही अथेन्समध्ये ख्लोए म्हणत, शेत हिरवं करणारी म्हणून. याच घरातला शब्द ख्लोरोस, फिकट हिरवा. त्यावरूनच क्लोरीन वायूचं नाव ठेवलं, त्याच्या रंगासाठी. मुलीच्या नावाशेजारी क्लोरीन पाहून दचकायचं कारण नाही.

फीबी आणि सिंथिया या दोघींपुढे ‘चंद्र’ लिहिलेलं असतं. फोइबे म्हणजे तेजस्वी. ती आर्तेमिस आणि अपोलोची आजी. सिंथिया म्हणजे ‘किन्थोसची’: किन्थोस हा देलोस बेटावरचा डोंगर, जिथे आर्तेमिसचा जन्म झाला अशी कथा आहे. चंद्र दोघींना आर्तेमिसमुळे चिकटला, कारण पुढच्या काळात तिला चंद्राची देवी मानू लागले. एकीचा शब्दार्थ प्रकाश, दुसरीचा डोंगर.

आणि काही ठिकाणी ‘नक्की नाही’ एवढंच लिहिणं प्रामाणिक. पेनेलोपीचं नाव ‘पेने’ म्हणजे बाण्याचं सूत यापासून आलं, असं म्हणायचा मोह होतो, कारण तिची कथाच दिवसा विणायचं आणि रात्री उसवायचं अशी आहे. पण पेनेलोप्स नावाचा बदकासारखा एक पक्षीही ग्रीकमध्ये आहे. हेलेनचं तर आणखी अवघड. ‘मशाल’, ‘चमकणारी’, ‘चंद्र’ (सेलेने) असे अर्थ देतात. स्पार्टाकडच्या जुन्या लेखांत मात्र हे नाव ‘वेलेना’ असं, डिगामा या पुढे लोप पावलेल्या ‘व’ अक्षराने लिहिलेलं आहे. सेलेनेच्या सुरुवातीला ‘स’ आहे. ‘स’चा ‘व’ होत नाही, त्यामुळे चंद्राशी जोडणं तिथेच लंगडं पडतं. ‘चमकणारी’ हा अर्थ परंपरेने दिला जातो, असं म्हणा आणि पुढे जा.

पाचवी पायरी: वाट शोधा

व्हेरोनिका हे याचं उत्तम उदाहरण, म्हणून जरा सावकाश पाहू.

मूळ ग्रीक नाव फेरेनीके: फेरो म्हणजे आणणं, नीके म्हणजे विजय. विजय घेऊन येणारी. मॅसिडोनियाच्या बोलीत ग्रीक ‘फ’च्या जागी ‘ब’ येई, म्हणून तिथे झालं बेरेनीके. सिकंदरानंतर इजिप्तवर मॅसिडोनियन टॉलेमींचं राज्य आलं आणि त्यांच्या राण्यांमुळे हे ‘ब’वालं रूपच जगभर गेलं. तिसऱ्या टॉलेमीची राणी बेरेनीके हिने नवरा युद्धावरून सुखरूप यावा म्हणून आपले केस वाहिले. आकाशातल्या ‘बेरेनीकेचे केस’ या तारकासमूहाचं नाव तिच्यावरून पडलं. तांबड्या समुद्रावरचं बेरेनीके बंदर त्याआधीच्या राणीच्या नावाचं, आणि भारतातली मिरी तिथे उतरत असे. पुढे ग्रीकमध्ये बीटाचा उच्चार ‘ब’वरून ‘व’वर गेला, आणि लॅटिनमध्ये व्हेरोनिका हे रूप रुळलं. इंग्रजी बर्निस हे त्याच नावाचं दुसरं पोर.

मग आख्यायिका आली. क्रूस वाहणाऱ्या येशूचा चेहरा एका स्त्रीने कापडाने पुसला आणि कापडावर मुद्रा उमटली. तिचं नाव व्हेरोनिका. लगेच अर्थ लावला गेला: लॅटिन ‘व्हेरा’ म्हणजे खरी आणि ग्रीक ‘आयकॉन’ म्हणजे प्रतिमा. दोन भाषांचे तुकडे एका नावात शिवले की संशय घ्यायचा, हा इथला धडा. पण नोंद करताना ही आख्यायिका गाळू नका. मध्ययुगात हे नाव लोकप्रिय झालं ते तिच्याचमुळे.

अ‍ॅग्नेसचीही गत अशीच. ग्रीक हाग्ने म्हणजे पवित्र, निष्कलंक. लॅटिनमध्ये कोकराला आग्नुस म्हणतात, आणि चित्रांत संत अ‍ॅग्नेसच्या जवळ कोकरू दिसतं. कोकरू हा अर्थ नाही, श्लेष आहे.

संस्कृतशी साम्य: किती धरायचं

आपल्या वाचकांना इथे फार मोह होतो. खरी नाती पुष्कळ आहेत, पण ती आवाजाच्या साम्यावर ठरत नाहीत, नियमित ध्वनिबदलांवर ठरतात. संस्कृत ‘भ’ला ग्रीक ‘फ’ जुळतो: भरति आणि फेरो. ‘ध’ला ‘थ’ जुळतो. ‘द’ला ‘द’च जुळतो: दान आणि डोरोन. आता थेओस आणि देव घ्या. अर्थ एक, ऐकायलाही जवळ. पण ‘देव’मध्ये ‘द’ आहे, थेओसमध्ये थीटा. नियम मोडतो, म्हणून नातं नाही. देवाचा खरा ग्रीक भाऊबंद झ्यूस, ज्याचं षष्ठीचं रूप दिओस. म्हणजे थेओडोरात ‘देव’ नाही, दिओडोरात आहे.

झोई म्हणजे जीवन, आणि त्याचं ‘जीव’शी नातं खरं आहे, जरी ‘झ’ आणि ‘ज’ सहज जुळत नाहीत असं वाटलं तरी. मेलिसा म्हणजे मधमाशी, ‘मेली’ म्हणजे मध यापासून. पण आपला ‘मधु’ मेलीचा नातलग नाही. मधूचा ग्रीक नातलग म्हणजे जुन्या उच्चारातला मेथु हा शब्द, आणि त्याचा अर्थ मद्य. बार्बरा आणि ‘बर्बर’ मात्र एकच गोष्ट सांगतात: ज्याची भाषा कानाला नुसती बरबर वाटते तो परका.

देवनागरीत लिहिताना

एकाच नावाचे किमान तीन उच्चार असतात. प्राचीन ग्रीक, आजचा ग्रीक आणि इंग्रजी. आजच्या ग्रीकमध्ये ईटा या अक्षराचा (जुना उच्चार दीर्घ ‘ए’) उच्चार ‘ई’ होतो, त्यामुळे जुनं ख्लोए आता ख्लोई, हेलेने आता एलेनी, दाफ्ने आता दाफ्नी. बीटा ‘व’ झालाय: बार्बराचं वारवारा. आघातही बघा: ग्रीकमध्ये सोफियाचा जोर ‘फी’वर पडतो.

नोंदीत उच्चारांची सरमिसळ करू नका. नाव ज्या रूपात वापरलं जाणार त्या उच्चाराने लिहा आणि मूळ रूप वेगळं द्या. ‘आयरीन, मूळ ग्रीक एइरेने, आजचं ग्रीक इरिनी’ इतकं पुरे. ‘ह’ची खूण, दीर्घ-ऱ्हस्व यांबाबत एकच पद्धत धरा, अर्ध्या यादीत हेलेनी आणि अर्ध्या यादीत एलेना असं झालं की वाचणारा दोन नावं समजतो.

नोंद कशी दिसावी

आयरीनचीच नोंद पूर्ण करून पाहू.

शब्द: एइरेने, शांतता, विशेषतः युद्ध थांबल्यानंतरची. व्युत्पत्ती: अनिश्चित, शब्द कदाचित ग्रीक भाषेच्याही आधीच्या स्थानिक भाषेतला. (शब्दाचा अर्थ पक्का असून त्याचं मूळ अज्ञात असू शकतं. दोन्ही रकाने वेगळे ठेवायचे ते यासाठीच.) नाव कसं झालं: हेसिओदच्या काव्यात एइरेने ही झ्यूस आणि थेमिस यांची मुलगी, सुव्यवस्था आणि न्याय या तिच्या बहिणी. अथेन्सने स्पार्टाशी तह केल्यावर इ. स. पूर्व चौथ्या शतकात तिची पूजा सुरू केली, आणि केफिसोदोतोस या शिल्पकाराने तिची मूर्ती घडवली. तिच्या कडेवर प्लूतोस नावाचं मूल आहे, म्हणजे संपत्ती. वाट: ख्रिस्ती संतांमुळे बायझंटाइन जगात रुळलं; 797 ते 802 या काळात आयरीन नावाच्या सम्राज्ञीने तिथे एकटीने राज्य केलं, तेही स्वतःच्या मुलाचे डोळे काढवून. ग्रीसमध्ये या नावाचा नामदिन, म्हणजे त्या नावाच्या संताच्या स्मरणाचा दिवस, 5 मे. रूपं: इरिनी, इरेन, इरीना, आयरीन. इंग्रजीत पूर्वी तिचा उच्चार तीन अक्षरी, ‘आयरीनी’, होत असे. शेवटचा तो ‘ई’ म्हणजे मूळ ईटाच.